कागलच्या माणसाने बांधलेले देहू

निपाणीहून कोल्हापूरला जाणारी एस.टी. कोगनोळी मागे टाकून महाराष्ट्रात शिरली की लगेच कागल येते. एम.ए. करताना शिवाजी विद्यापीठात जे खेटे घातले, त्या दिवसांत कागलच्या थांब्यावर खिडकीतून हात बाहेर काढून मी किती वेळा शेंगा घेतल्या असतील याची गणती नाही. कागल म्हणजे शाहू महाराजांच्या मूळ घाटगे घराण्याचे गाव, कागल म्हणजे गैबी पिराचा उरूस, आणि मराठीच्या शिक्षकाला विचाराल तर कागल म्हणजे ‘झोंबी’चे आनंद यादव. यापलीकडे माझा आणि कागलचा संबंध दोन मिनिटांचा. कंडक्टरने घंटी मारली की संपला. त्याच गावात १८८६ साली जन्मलेल्या एका माणसाने माझ्या डोक्यात एक अख्खे गाव बांधून ठेवले आहे, हे कळायला मला चाळिशी गाठावी लागली. कळले तेव्हा उशीर झाला होता. माझ्यासाठी नव्हे, दुसऱ्याच एकासाठी.

गोष्ट २००३ सालची. मी तेव्हा मुख्याध्यापक नव्हतो. नववी-दहावीला मराठी शिकवीत होतो आणि स्नेहसंमेलनाचे लोढणे, दुसरे कोणी घेत नाही म्हणून, माझ्या गळ्यात होते. त्या वर्षी तुकाराम महाराजांच्या जीवनातले दोन प्रसंग बसवायचे ठरले. मुलांना तो काळ डोळ्यांपुढे यावा म्हणून प्रभातच्या ‘संत तुकाराम’ची सीडी आणून प्रयोगशाळेतल्या टीव्हीवर दाखवली. बाकीची पोरे पाहून खेळायला पळाली. दहावीतला एक मुलगा मात्र दुसऱ्या दिवशी मधल्या सुट्टीत येऊन म्हणाला, “सर, परत एकदा लावा की.” तंबाखूच्या वखारीत हमाली करणाऱ्या बापाचा मुलगा. नाव लिहीत नाही, हा अंक त्याच्या घरी जातो. त्याने सिनेमा पुन्हा पाहिला, हातात पेन्सिल घेऊन. मधूनच “थांबवा सर” म्हणे आणि वहीत भराभरा रेघा ओढी. त्या रेघांत ना तुकाराम होते ना जिजाई. नुसत्या भिंती, दारे, कोनाडे.

पुढचे आठ दिवस तो शाळा सुटल्यावर व्यायामशाळेत असे. मांजरपाटाच्या पट्ट्या बहिणीकडून जोडून आणल्या होत्या. डिस्टेंपर, गेरू, नीळ आणि सरस एवढेच सामान. मोठा भाग रंगवायला झिजलेली केरसुणी. संमेलनाच्या रात्री पडदा वर गेला आणि मागे देहूची गल्ली उभी राहिली. पांढरमातीच्या भिंती, वाकून आत शिरावे लागेल अशी दारे, तुळशीवृंदावन, गल्लीच्या टोकाला देवळाचे शिखर. रंगमंचावर अजून एकही पात्र आले नव्हते आणि टाळ्या पडल्या. इतक्या वर्षांत रिकाम्या रंगमंचाला टाळ्या पडलेल्या मी तेवढ्याच ऐकल्या.

दुसऱ्या दिवशी कन्नडच्या शिक्षकांनी त्याच पडद्यापुढे कनकदासांचा प्रसंग केला. देहूची गल्ली एका रात्रीत कागिनेलेची झाली. आमच्या भागात दुकानाच्या पाटीवरून काय काय होते हे वाचकांना सांगायला नको. त्या गल्लीला मात्र कुणी भाषा विचारली नाही.

संमेलन संपल्यावर मुलगा खुर्च्या उचलता उचलता म्हणाला, “सर, सिनेमात असलं काम करायला माणसं ठेवत्यात?”

“ठेवतात. त्याला कलादिग्दर्शक म्हणतात.”

“मग मला ते व्हायचंय.”

मी हसलो. ते हसणे अजून मला ऐकू येते. पुढे निकाल लागला, बरे गुण पडले आणि एके दिवशी त्याचे वडील टोपी हातात घेऊन घरी आले. “गुरुजी, पोरगं चित्राचं म्हणालंय. मला काय त्यातलं कळत नाही. तुम्ही म्हणाल तसं.” तुम्ही म्हणाल तसं! शिक्षकाला दुसऱ्याच्या मुलाचे आयुष्य किती सहज हातात मिळते. मी म्हटले, “पडदे रंगवून पोट भरत नाही. शिवाय ती मुंबईची कामे, ओळखीपाळखीची. आपल्याकडचा माणूस तिथे कुठे पोहोचतो? त्याला डिप्लोमाला घाला.” वडिलांनी हात जोडले. मुलगा बेळगावला सिव्हिलच्या डिप्लोमाला गेला. मी त्या रात्री शांत झोपलो, हेही सांगितले पाहिजे.

आपल्याकडचा माणूस तिथे कुठे पोहोचतो, असे मी म्हणालो. आता ऐका.

‘संत तुकाराम’चे दिग्दर्शक दामले-फत्तेलाल, हे मला पाठ होते. पण ती दोन नावे आम्ही एका श्वासात उच्चारायचो, जणू एकाच माणसाचे नाव आणि आडनाव. ‘फत्तेलाल’ या नावावरून हे गृहस्थ उत्तरेकडचे किंवा गुजराती असावेत असा माझा समज होता. २००८च्या सुमारास प्रभात कंपनीवरचे काही वाचताना ओळ दिसली: शेख फत्तेलाल ऊर्फ साहेबमामा, जन्म कागल. मी पुस्तक मिटले, पुन्हा उघडले. माझ्या शेंगा घेण्याच्या थांब्यापासून हाकेच्या अंतरावरचा माणूस! आणि त्याचे मूळ काम दिग्दर्शनाचे नव्हे, नेमके त्या पोराने विचारलेले. प्रभातच्या वैभवाच्या काळातल्या चित्रपटांतले वाडे, राजवाडे, देवळे आणि गल्ल्या यांच्या मागे साहेबमामांचा हात होता.

सुरुवात पडद्यांपासूनच झाली होती. त्या काळी कोल्हापुरात आनंदराव आणि बाबूराव हे मेस्त्री बंधू, एकमेकांचे चुलतभाऊ, नाटक कंपन्यांचे पडदे रंगवीत. म्हणून तर ते ‘पेंटर’ झाले. साहेबमामा तयार झाले ते यांच्याच हाताखाली. सिनेमाचे वेड त्या मंडळींना लागले होते, पण आनंदराव १९१६ साली गेले. बाबूरावांनी पुढच्याच वर्षी महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली. तिला भांडवल पुरवले गायिका तानीबाई कागलकर यांनी. आडनावात पुन्हा कागल! आणि इथेच बाबूरावांच्या लक्षात एक गोष्ट आली, जी आमच्या स्नेहसंमेलनाला अजून कळलेली नाही. नाटकाचा प्रेक्षक एका जागी बसतो, त्याला पडद्यावरचा राजवाडा चालतो. कॅमेरा जागचा हलतो, बाजूने पाहतो, जवळ जातो. त्याच्यापुढे रंगवलेला खांब खांब राहत नाही, कापड होतो. तेव्हा खांब उभारलाच पाहिजे, त्याच्यामागे सावली पडलीच पाहिजे. बाबूरावांनी पडदे गुंडाळून ठेवले आणि भरीव सेट बांधायला घेतले. ‘सावकारी पाश’मधली १९२५ सालची शेतकऱ्याची झोपडी त्याच शाळेतली. साहेबमामा, विष्णुपंत दामले, व्ही. शांताराम, सगळे तिथलेच विद्यार्थी. प्रवेशपरीक्षा नाही, प्रमाणपत्र नाही. सकाळी येऊन रंग कालवायचे, दुपारी खिळे ठोकायचे, वेळ आली तर दाढी लावून कॅमेऱ्यापुढे उभे राहायचे.

१ जून १९२९ रोजी कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी निघाली. भागीदार पाच: शांताराम, दामले, फत्तेलाल, केशवराव धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी. १९३३ मध्ये कंपनी पुण्याला गेली. दामल्यांनी ध्वनीची बाजू धरली, साहेबमामांनी डोळ्यांची. १९३२चा ‘अयोध्येचा राजा’ घ्या, १९३४च्या ‘अमृतमंथन’मधले देवीपुढचे ते दडपण घ्या, नाहीतर १९३७चा ‘कुंकू’. ‘कुंकू’त पार्श्वसंगीत नाही. जे ऐकू येते ते घराचेच, आणि घर तर साहेबमामांचे. म्हाताऱ्या वकिलाच्या त्या वाड्यातले लंबकाचे घड्याळ ज्याच्या लक्षात राहिले असेल, त्याला मी काय म्हणतो ते वेगळे सांगायला नको. नीरा कोणत्या दाराने आत येते, जिना कुठे आहे, पलीकडच्या खोलीत कोण बसले आहे, हे आपल्याला आपल्या आजोळच्या घरासारखे ठाऊक असते. असे ठाऊक होण्यासाठी कोणीतरी रात्रभर बसून ते ठरवलेले असते.

यातला एक भाग आपल्या सीमाभागाच्या जिव्हाळ्याचा आहे. प्रभातने बरेचसे बोलपट दोन भाषांत केले. मराठीत ‘कुंकू’ तर हिंदीत ‘दुनिया न माने’. ‘माणूस’ आणि ‘आदमी’, ‘शेजारी’ आणि ‘पडोसी’. नट बदलत, संवाद बदलत. ‘शेजारी’त मराठी पाटील केशवराव दाते, तर ‘पडोसी’त ठाकूर झाले मझहर खान. मिर्झा मात्र दोन्हीकडे गजानन जागीरदारच. मुसलमान नट हिंदू झालेला आणि हिंदू नट मुसलमान. घर, अंगण आणि शेवटी फुटणारे ते धरण मात्र तेच. आमच्या व्यायामशाळेत एका पडद्यापुढे तुकाराम आणि कनकदास उभे राहिले त्याचे मला तेव्हा नवल वाटले होते. साहेबमामांच्या कारखान्यात तो रोजचा व्यवहार होता.

हल्ली या कामाला प्रॉडक्शन डिझायनर असा भारदस्त शब्द आहे. तो प्रथम गाजला १९३९च्या ‘गॉन विथ द विंड’मुळे. विल्यम कॅमेरॉन मेंझीस या गृहस्थाने त्या चित्रपटाचे प्रत्येक दृश्य आधी चित्रात काढून दिले होते. त्याच चित्रपटात अटलांटा शहर जळताना दिसते. ते जाळायला त्यांनी काय वापरले असेल? स्टुडिओच्या आवारात पडून असलेले जुन्या चित्रपटांचे सेट. एकाच्या आयुष्याची कमाई दुसऱ्याच्या आगीला सरपण. धंद्याची रीतच ती. कथा वाचायची, काळ शोधायचा, कागदावर घर काढायचे. सुतार, गवंडी, रंगारी बोलवायचे. कॅमेरा आत शिरावा म्हणून एखादी भिंत निघेल अशी ठेवायची. पांढराशुभ्र रंग कृष्णधवल चित्रात भगभगतो, म्हणून चुन्याची भिंतसुद्धा किंचित मळवायची. नट उभा राहिल्यावर दार बुटके दिसेल की उंच, ते आधी मोजायचे. आणि शेवटचे दृश्य संपले की दुसऱ्या दिवशी सगळे मोडायचे. लाकूड परत गोदामात. कालच्या राजवाड्याची फळी उद्या गोठ्याला. लेखकाचे पुस्तक कपाटात राहते, चित्रकाराचे चित्र भिंतीवर राहते. याच्या घराचा पत्ताच राहत नाही.

‘संत तुकाराम’ १९३६ सालचा. मुंबईत एकाच चित्रपटगृहात तो वर्षाहून अधिक काळ चालला आणि १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात त्याची वाखाणणी झाली. विष्णुपंत पागनीस, गौरी, यांच्याबद्दल पुष्कळ लिहिले गेले आहे आणि ते योग्यच आहे. मी सांगतो ते घराबद्दल. त्या घरात काही नाही. एक कुटुंब जेमतेम खाऊन राहते आणि कधी तेही नाही, हे भिंती सांगतात. जिजाई म्हशीशी बोलते तेव्हा गोठ्याचा वास येतो. गरिबी दाखवायची म्हणून फाटके लोंबवलेले नाही; सारवलेले, नीटनेटके, कष्टाने राखलेले घर आहे. चमत्कार होतात ते अशा घरात होतात म्हणून पटतात. राजवाड्यात झाले असते तर ती नुसती करामत ठरली असती.

‘मुसलमान असून त्यांनी संतांचे चित्रपट केले,’ असे वाक्य मी पहिल्या खर्ड्यात लिहिले होते. ‘असून’ खोडले. गैबीच्या उरुसाला आणि पंढरीच्या वारीला एकाच गल्लीतून माणसे निघतात, अशा गावात हा माणूस जन्मला. ‘संत तुकाराम’, ‘गोपाळकृष्ण’, ‘संत ज्ञानेश्वर’ हे दामल्यांबरोबर केले. दामले १९४५ साली गेले, पुढे प्रभात मिटली, आणि तरी १९५५ साली साहेबमामांनी ‘जगद्गुरू शंकराचार्य’ दिग्दर्शित केला. त्यांना कुणी ‘असून’ विचारले असेल तर त्यांनी काय उत्तर दिले असते याचा मी विचार करतो. बहुधा हातातला ब्रश खाली ठेवला नसता.

मी देहूला प्रत्यक्ष गेलो तो त्या संमेलनानंतर, शिक्षकांच्या सहलीबरोबर. इंद्रायणीचा घाट पाहिला, शिळामंदिरात माथा टेकवला, नांदुरकीच्या झाडाखाली बसलो. आणि सबंध वेळ मला काहीतरी चुकल्यासारखे वाटत होते. सिमेंटची घरे, फोटोंची दुकाने, बसगाड्या. मी शोधत होतो ती गल्ली तिथे नव्हतीच. परतीच्या गाडीत लक्षात आले की मी शोधत होतो ते देहू पुण्याच्या स्टुडिओत उभे राहिले आणि तिथेच मोडले गेले. खऱ्या देहूत जाऊन मी त्यालाच खोटे ठरवीत होतो! माझ्या आधीच्या पिढीचे आणि माझेही तुकाराम साहेबमामांच्या दारातून बाहेर येतात. आमच्या त्या पोराच्या पडद्यावरही तीच गल्ली होती. त्यानेही देहू पाहिलेले नव्हते.

साहेबमामा १९६४ साली वारले. प्रभातच्या जागेवर १९६० मध्येच सरकारची फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली होती. म्हणजे ज्या जमिनीवर त्यांनी घरे बांधली आणि मोडली, तिथे चित्रपटाची विद्या शिकायला मुले येऊ लागलेली त्यांच्या हयातीत घडले. पडदे रंगवून पोट भरत नाही, असे सांगायला त्यांच्या वेळी कोणी गुरुजी भेटला नाही, हे आपले भाग्य.

२ ऑगस्ट २०२३ला दुपारी शिक्षकांच्या खोलीत कोणीतरी मोबाइल पुढे केला. ‘लगान’मधले चांपानेर आणि ‘देवदास’मधल्या चंद्रमुखीची कोठी उभारणारे, चार वेळा राष्ट्रीय पुरस्कार मिळवलेले नितीन चंद्रकांत देसाई यांनी कर्जतच्या आपल्या स्टुडिओत आयुष्य संपवले होते. वय ५७. माझ्याच वयाच्या आसपास. कर्जाच्या बातम्या नंतर दोन-चार दिवस येत राहिल्या. खरे सांगायचे तर त्या दुपारी माझ्या मनात पहिल्यांदा आले ते असे: बरे झाले, त्या पोराला जाऊ दिले नाही. दुसऱ्या क्षणी स्वतःचीच लाज वाटली. एका कर्तबगार माणसाच्या मरणावर मी माझा जुना सल्ला शेकून घेत होतो.

२०२४च्या उन्हाळ्यात शाळेच्या सभागृहाचे काम निघाले. कंत्राटदाराचा सुपरवायझर म्हणून जो आला तो तोच मुलगा. आता केस विरळ, कमरेला टेप, मुलगी चौथीत. वाकून नमस्कार केला. मी मुख्याध्यापकाच्या खुर्चीत होतो आणि मला उठून उभे राहावेसे वाटले. अडगळीची खोली रिकामी करताना बांबूला गुंडाळलेला पडदा निघाला. उंदरांनी एक कडा खाल्ली होती. आम्ही दोघांनी तो जमिनीवर उलगडला. गेरू अजून होता, निळा उडाला होता. मी न राहवून देसाईंचा विषय काढला. त्यात माझी सोडवणूक करून घेण्याचा हेतू होता, तो त्याला कळलाही असेल.

तो बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, “एक माणूस गेला, ते वाईटच झालं, सर. पण त्यांच्या हाताखाली किती सुतार, किती रंगारी पोट भरत होते, ते बी मोजा की.”

मी काही बोललो नाही. कागलच्या साहेबमामांचे सगळे त्याला सांगितले. तो हसला. “दर महिन्याला कागलवरनं जातोय की ओ,” म्हणाला. मग टेप काढून पडद्यावरच्या दाराला लावला. “हे चुकलंय बघा. दार साडेचार फूट झालंय. मागं उभं राहिलेलं पोरगं राक्षसासारखं दिसलं असणार.” वीस वर्षांपूर्वीची चूक त्याने खडूने खूण करून मला दाखवली.

संध्याकाळी नकाशा टेबलावर पसरून तो उभा राहिला. मंजूर नकाशात रंगमंचाची खोली बारा फूट होती, विंगा नव्हत्याच. त्याने पेन्सिलने दोन्ही बाजूंना रेघा ओढल्या. “अठरा फूट करू या, सर. आणि दोन्हीकडं विंगा. पडद्यामागं पोरांना उभारायला जागा नको? वर कड्या टाकतो, सेट टांगता येईल.” खर्च किती वाढेल ते त्याने कागदाच्या कोपऱ्यात मांडले. आकडा लहान नव्हता.

तो कागद घेऊन मी शनिवारी संस्थेच्या बैठकीला गेलो.